एसटीची नोकरी की ठेकेदाराची? कंत्राटी चालक भरतीआधी आपल्या घरात ही चर्चा व्हायला हवी

सप्टेंबर २०२५ मध्ये परिवहनमंत्री प्रताप सरनाईक यांनी जाहीर केलं की एसटी महामंडळ १७,४५० चालक आणि सहायक घेणार आहे. नव्या येणाऱ्या ८ हजार बससाठी ही माणसं लागणार आणि पगार साधारण ३० हजार रुपयांच्या घरात असेल. बातमी आपल्या मोहल्ल्यांतल्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर लगेच फिरली. कुणी त्याला बंपर भरती म्हटलं, कुणी तर सरळ सरकारी नोकरी म्हणून टाकलं. एक शब्द मात्र बऱ्याच जणांच्या नजरेतून सुटला, किंवा दिसला तरी त्याचं वजन लक्षात आलं नाही. तो शब्द म्हणजे ‘कंत्राटी’. ही माणसं तीन वर्षांच्या कंत्राटावर, ई-निविदा काढून, खासगी संस्थांमार्फत घ्यायची असं ठरलं आहे.

आम्ही ही बातमी वाईट आहे असं म्हणत नाही. ज्या घरात कमावता मुलगा दिवसाला पाचशे रुपयांवर टेम्पो चालवतो, त्या घरासाठी महिन्याला ठरलेला पगार ही लहान गोष्ट नाही. पण मुलाच्या हातात जे कागद येतील त्यावर मालक म्हणून कुणाचं नाव असेल, या एका गोष्टीवर त्याची पुढची वीस वर्षं ठरणार आहेत. म्हणून हा विषय जरा सविस्तर मांडतो आहोत.

आपल्या समाजाचा आणि स्टिअरिंगचा संबंध जुना आहे. मालेगाव, भिवंडी, औरंगाबाद, मिरज, अकोला, कुठेही जा, ट्रक, टेम्पो, रिक्षा, काळी-पिवळी आणि गॅरेज या धंद्यांत आपली माणसं मोठ्या संख्येने दिसतात. शिक्षण सुटलं की मुलगा आधी क्लीनर होतो, मग ड्रायव्हर. सच्चर समितीने २००६ साली हेच देशपातळीवर नोंदवलं होतं. पगारी नोकरीत मुसलमान कमी, स्वतःच्या छोट्या धंद्यात आणि असंघटित कामात जास्त. रेल्वेसारख्या अवाढव्य खात्यातही आपला वाटा तेव्हा ४.५ टक्के निघाला होता. समितीने आणखी एक गोष्ट सांगितली होती जिची चर्चा फारशी झाली नाही. जे मुसलमान पगारावर काम करतात त्यांच्याकडेही लेखी करार, पीएफ आणि रजा यांचं प्रमाण इतरांपेक्षा कमी आहे. म्हणजे नोकरी मिळणं हा एक प्रश्न आणि मिळालेली नोकरी कशी आहे हा दुसरा. पहिल्यावर आपण खूप बोलतो, दुसऱ्यावर अजिबात नाही. रिश्ता ठरवताना मात्र हा प्रश्न बरोबर आठवतो. लडका परमनंट है क्या, हे मुलीचे अब्बा सगळ्यात आधी विचारतात!

आता मुद्द्याचं. बोलताना आपण ‘टेम्पररी’ हा एकच शब्द वापरतो, पण सार्वजनिक बससेवेत तात्पुरते चालक दोन जातींचे असतात. एक, जे महामंडळाच्या किंवा पालिकेच्या स्वतःच्या हजेरीपटावर असतात. रोजंदार, बदली, हंगामी अशी त्यांची नावं. दुसरे, जे ठेकेदाराच्या हजेरीपटावर असतात आणि फक्त बस सरकारी रंगाची चालवतात. रस्त्यावर उभं राहून पाहिलं तर दोघांत काही फरक दिसत नाही. तोच रूट, तेच स्टॉप, तीच गर्दी. कायद्याच्या नजरेत मात्र जमीन-अस्मानाचा फरक आहे.

पहिल्या प्रकारच्या माणसासाठी दरवाजा बंद नाही. एसटीत फार जुना नियम आहे. १९५६ च्या करारात असं ठरलं की रिक्त जागेवर सलग १८० दिवस काम केलेल्या रोजंदाराला वेतनश्रेणीवर घ्यायचं. राज्याच्या आदर्श स्थायी आदेशांत बदली आणि तात्पुरत्या कामगारांसाठी वर्षभरात २४० दिवसांची अट आहे, ती पूर्ण केली की कायम करायचं. आणि १९७१ चा महाराष्ट्राचा कामगार संघटना मान्यता व अनुचित कामगार प्रथा प्रतिबंध कायदा तर याहून स्पष्ट आहे. कामगाराला कायमपणाचे हक्क मिळू नयेत म्हणून त्याला वर्षानुवर्षं बदली किंवा तात्पुरता ठेवणं ही त्या कायद्यात अनुचित प्रथा मानली आहे. चौथ्या अनुसूचीतली सहावी बाब, हा आकडा प्रत्येक एसटी कामगार नेत्याला पाठ असतो.

हे नुसतं कागदावर राहिलं नाही. एसटीच्या आगारांत झाडलोट आणि सफाई करणाऱ्या कामगारांनी याच बाबीखाली औद्योगिक न्यायालयात दाद मागितली. कास्ट्राईब संघटनेने त्यांची बाजू लावून धरली. महामंडळ थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. महामंडळाचं म्हणणं होतं की २००६ च्या उमादेवी निकालानंतर तात्पुरत्यांना कायम करताच येत नाही. २००९ साली न्यायालयाने हे म्हणणं फेटाळलं. उमादेवी निकाल हा घटनेनुसार न झालेल्या भरतीला मागच्या दाराने कायम करण्याबद्दल आहे, पण मालकाने अनुचित प्रथा केली असेल आणि जागा अस्तित्वात असतील तर औद्योगिक न्यायालयाचा अधिकार त्यामुळे संपत नाही, असा त्या निकालाचा अर्थ. आज देशभर जिथे तात्पुरत्या कामगारांचा खटला उभा राहतो तिथे एसटीच्या झाडूवाल्यांचा हा निकाल दाखवला जातो. चालकांनी त्यांचं ऋण मानायला हवं.

अलीकडच्या दोन निकालांनी वारं आणखी थोडं फिरवलं आहे. डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो खटल्यात केंद्रीय जल आयोगात सफाई करणाऱ्या महिला आणि एक माळी यांना सर्वोच्च न्यायालयाने न्याय दिला. दहा-दहा, वीस-वीस वर्षं काम करून घ्यायचं आणि नंतर ‘तुम्ही तात्पुरते होता’ असं सांगून काढून टाकायचं, हे चालणार नाही असं न्यायालयाने बजावलं. उमादेवी निकालाचं हत्यार करून गरिबांवर चालवू नका, असाही त्याचा सूर होता. ऑगस्ट २०२५ मध्ये धरम सिंह खटल्यात तर राज्य सरकारलाच सुनावलं. १९८९ ते १९९२ च्या दरम्यान उत्तर प्रदेशच्या एका आयोगात रोजंदारीवर लागलेली ही माणसं. पैसा नाही हे कारण सांगून कायमस्वरूपी काम कायम तात्पुरत्यांकडून करून घेता येत नाही, सरकार हा बाजारातला साधा मालक नाही, असं न्यायालयाने म्हटलं. त्याआधी २०१६ च्या जगजित सिंह निकालात समान कामाला समान वेतन हे तत्त्व तात्पुरत्या सरकारी कर्मचाऱ्यांनाही लागू केलं होतं.

हे वाचून कुणाला वाटेल की मग प्रश्न सुटला, आता भरती व्हा, चार-पाच वर्षं काढा आणि कोर्टात जाऊन कायम व्हा. इथेच गफलत होते. वरचे सगळे निकाल मुख्यतः पहिल्या प्रकारच्या माणसांसाठी आहेत, ज्यांना थेट सरकारी संस्थेने कामावर घेतलं होतं. ठेकेदाराच्या माणसासाठी रस्ता वेगळा आणि खूप खडतर आहे.

२००१ हे वर्ष या बाबतीत लक्षात ठेवण्यासारखं. त्या वर्षी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने स्टील ॲथॉरिटीच्या खटल्यात ठरवलं की कंत्राटी पद्धत बंद झाली तरी कंत्राटी कामगार आपोआप मूळ मालकाचे होत नाहीत. कंत्राट हा निव्वळ देखावा होता, खरा मालक तोच होता, हे आधी सिद्ध करावं लागतं. त्याच वर्षी सिप्ला कंपनीच्या खटल्यात आणखी एक गोष्ट पक्की झाली. मालक-कामगार हे नातंच वादात असेल तर वर सांगितलेल्या १९७१ च्या कायद्याखाली तक्रार करता येत नाही. आधी दुसरीकडे जाऊन ‘मी यांचाच कामगार आहे’ हे शाबीत करून या, मग इथे या. म्हणजे ज्या चौथ्या अनुसूचीने एसटीच्या झाडूवाल्यांना कायम केलं, तिच्या दारापर्यंत पोहोचायलाच ठेकेदाराच्या चालकाची कित्येक वर्षं जाणार. तीन वर्षांच्या कंत्राटात!

आणि हे ठेकेदारीचं प्रकरण आता फक्त एसटीपुरतं राहिलेलं नाही. मुंबईत बेस्टने काही वर्षांपूर्वी बस भाड्याने घ्यायला सुरुवात केली. बस ठेकेदाराची, चालक ठेकेदाराचा, बेस्ट त्याला किलोमीटरमागे पैसे देणार. कागदावर हिशेब सोपा दिसतो. ऑगस्ट २०२३ मध्ये याच चालकांनी आठवडाभर काम बंद ठेवलं. मागण्या ऐकल्या तर कुणालाही वाईट वाटेल. पगार १८ हजारांवरून २५ हजार करा आणि आम्हाला बेस्टच्या बसमधून मोफत प्रवास द्या. दिवसभर जी बस चालवायची तिच्यातूनच घरी जायला तिकीट काढावं लागतं, अशी ही परिस्थिती. तेव्हा मुंबईकरांचे हाल होऊ नयेत म्हणून एसटीच्या गाड्या मुंबईत उतरवल्या गेल्या. नंतरच्या काळात काही ठेकेदारांनी परवडत नाही म्हणून मधेच गाशा गुंडाळला, बस उभ्या राहिल्या आणि चालक घरी बसले.

९ डिसेंबर २०२४ ची रात्र कुर्ल्यातली माणसं विसरणार नाहीत. एस. जी. बर्वे मार्गावर ३३२ नंबरची इलेक्ट्रिक बस गर्दीत घुसली. ९ जणांचे जीव गेले, ४० हून अधिक जखमी झाले. बस बेस्टच्या रंगाची, चालक ठेकेदाराचा. तपासाच्या बातम्यांमधून पुढे आलं की बारा मीटर लांबीची, गिअर नसलेली ही बस चालवण्याचं प्रशिक्षण त्याला जेमतेम काही दिवसांचं मिळालं होतं, त्याआधी तो लहान गाड्या चालवायचा. दोष कुणाचा हे न्यायालय ठरवेल. पण कायम चालकाला बेस्ट कित्येक आठवडे शिकवायची, मग त्याला गाडी द्यायची. ठेकेदाराला किलोमीटरचे पैसे मिळतात, शिकवण्याच्या दिवसांचे नाही. कायम नोकरीचा प्रश्न हा फक्त चालकाच्या पोटाचा नाही, बाजार करून घरी निघालेल्या माणसाच्या जिवाचाही आहे. कुर्ल्याच्या त्या रस्त्यावर आपली घरं आहेत, आपली दुकानं आहेत, म्हणून हे आपल्याला वेगळं सांगायला नको.

एसटीचाच दुसरा अनुभव बघा. ऑक्टोबर २०२१ च्या अखेरीस एसटी कामगारांचा संप सुरू झाला, तो पुढे साडेपाच महिने चालला. मागणी होती की महामंडळ राज्य सरकारमध्ये विलीन करा. आंध्र प्रदेशात जानेवारी २०२० मध्ये तसं झालं होतं, तिथले बस कर्मचारी सरकारी कर्मचारी झाले. इथे समितीने ती मागणी नाकारली. सरकारने पगार वाढवला, नव्या लोकांना ५ हजार, जुन्यांना ४ हजार आणि अडीच हजार, पण विलीनीकरण नाही. उच्च न्यायालयाने २२ एप्रिल २०२२ पर्यंत कामावर परत या असं सांगितलं आणि संप मिटला. त्या संपाच्या काळात गाड्या चालाव्यात म्हणून महामंडळाने खासगी संस्थेमार्फत कंत्राटी चालक घेतले होते. त्यांनी लोकांचे दगड खाल्ले, संपकऱ्यांच्या शिव्या खाल्ल्या, गाड्या चालवल्या. कायम चालक परत आले आणि त्याच वर्षी या कंत्राटी चालकांची सेवा संपवण्यात आली. अडचणीच्या वेळी बोलावलं, अडचण संपली, खुदा हाफिज. नव्या १७,४५० लोकांपैकी प्रत्येकाने हा प्रसंग आठवणीत ठेवावा.

सरकारची बाजूही ऐकायला हवी. जून २०२५ मध्ये एसटीची श्वेतपत्रिका निघाली, तिच्यात साचलेला तोटा १० हजार ३०० कोटींच्या वर दाखवला आहे. मार्च २०२३ पासून महिलांना अर्धं तिकीट, ७५ वर्षांवरच्या ज्येष्ठांना मोफत प्रवास. आपल्या अम्मी-खाला या सवलतीत लेकीकडे जाऊन येतात, ती चांगलीच गोष्ट आहे. त्याचे पैसे सरकारने एसटीला द्यायचे असतात आणि ते वेळेवर मिळत नाहीत ही महामंडळाची जुनी तक्रार. अशा संस्थेला १७ हजार कायम माणसांचा पगार, ग्रॅच्युइटी, अनुकंपा नोकऱ्या झेपणार नाहीत, असा युक्तिवाद होतो. आम्हाला तो अर्धाच पटतो. ठेकेदारही पगार देणारच आहे, वर जीएसटी आणि स्वतःचा नफा लावणार आहे. हे पैसे महामंडळाच्याच तिजोरीतून जाणार. मग वाचतं काय? वाचते ती जबाबदारी. चालक आजारी पडला, अपघात झाला, दहा वर्षांनी डोळे अधू झाले, तर महामंडळाला त्याच्याकडे बघावं लागत नाही. पूर्वी असा चालक आगारातच हलक्या कामावर घेतला जायचा. ठेकेदाराकडे कसलं हलकं काम?

तात्पुरतेपणालाच आमचा विरोध आहे असं नाही. आम्ही शिक्षक मंडळी शिक्षण सेवक या पदावरून आलेली आहोत. तीन वर्षं तुटपुंजं मानधन. ते प्राथमिकला ६ हजार होतं, २०२३ मध्ये १६ हजार झालं. त्या तीन वर्षांत घर कसं चालवलं हे ज्याचं त्याला माहीत. पण त्या हालांना शेवट होता आणि तो शेवट लेखी होता. तीन वर्षं समाधानकारक काम केलं की नियमित शिक्षक. शाळा तीच, हजेरीपट तोच, नाव त्याच वहीत. चालकांच्या तीन वर्षांच्या शेवटी काय लिहिलं आहे? कंत्राट संपलं, नवी निविदा, कदाचित नवा ठेकेदार, आणि तोच चालक पुन्हा पहिल्या दिवसापासून नवा. आपल्याला मागायचं असेल तर हे मागायला हवं. तात्पुरतं घ्या हवं तर, पण महामंडळाच्या स्वतःच्या हजेरीपटावर घ्या आणि तीन वर्षांनंतर काय, ते आजच लिहून द्या.

या मागणीला नव्या कायद्याचाही आधार मिळू शकतो. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राच्या चार कामगार संहिता लागू झाल्या. कामगार संघटना त्यांच्यावर नाराज आहेत आणि त्याला कारणं आहेत. पण व्यावसायिक सुरक्षा व आरोग्य संहितेच्या ५७ व्या कलमात म्हटलं आहे की संस्थेच्या मूळ कामासाठी कंत्राटी कामगार लावता येणार नाहीत. सफाई, पहारा, उपाहारगृह, वाहतूक अशी कामं मूळ कामात धरायची नाहीत, मात्र संस्था त्याच कामासाठी स्थापन झाली असेल तर गोष्ट वेगळी. आता सांगा, एसटी महामंडळ कशासाठी स्थापन झालं? साखर कारखान्यात बस चालवणं हे दुय्यम काम असेल, एसटीत तेच पहिलं काम आहे. पण कलमात पळवाटही आहे. एखादं काम साधारणपणे ठेकेदारामार्फतच होत असेल तर सूट मिळते. म्हणजे आज कंत्राटी चालक भरले, पाच वर्षं तसंच चालवलं, की उद्या म्हणता येईल की हे काम तर नेहमी ठेकेदारच करतो. सवय आधी लावायची आणि मग तिलाच नियम म्हणायचं. म्हणून कामगार संघटनांनी हा मुद्दा आत्ताच उचलायला हवा, पाच वर्षांनी नाही.

आता एक गोष्ट जी आपल्या समाजाने विशेष लक्षात घ्यावी. जुलै २०१४ मध्ये तेव्हाच्या सरकारने मुस्लिम समाजातल्या ५० घटकांना ५ टक्के आरक्षणाचा अध्यादेश काढला. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये उच्च न्यायालयाने शिक्षणातलं आरक्षण राहू दिलं, नोकरीतलं थांबवलं. पुढे अध्यादेश कायद्यात बदलला नाही आणि विषय तिथेच अडकला. तेव्हापासून आपण मोर्चे काढतो, निवेदनं देतो, प्रत्येक निवडणुकीत उमेदवाराला ५ टक्क्यांबद्दल विचारतो. ते विचारलंच पाहिजे. पण दरम्यान नोकरीच आरक्षणाच्या बाहेर नेऊन ठेवली जाते आहे, इकडे आपलं लक्ष नाही. महामंडळाच्या नियमित भरतीत ओबीसी आरक्षण लागतं. आपल्यातले बागवान, अत्तार, मणियार, तांबोळी, पिंजारी, मोमीन अशा कितीतरी बिरादऱ्या त्या यादीत आहेत. ठेकेदार माणसं घेतो तेव्हा ना बिंदुनामावली ना जात प्रमाणपत्र. त्याच्या ओळखीचा असेल तो आत. २०२३ च्या सप्टेंबरात सरकारने नऊ खासगी संस्थांमार्फत कंत्राटी भरतीचा निर्णय काढला, तेव्हा राज्यभरातल्या विद्यार्थ्यांनी याच मुद्द्यावर आवाज उठवला आणि पुढच्याच महिन्यात तो निर्णय मागे घ्यावा लागला. त्या आंदोलनात आपल्या संघटना ठळकपणे दिसल्या असत्या तर बरं झालं असतं.

कायम करा या घोषणेला दुसरी बाजूही आहे, ती लपवू नये. केरळमध्ये तिथल्या राज्य परिवहन महामंडळात हजारो तात्पुरते वाहक वर्षानुवर्षं काम करत होते. दुसरीकडे लोकसेवा आयोगाची परीक्षा पास झालेली मुलं नेमणुकीची वाट बघत बसली होती. ती मुलं कोर्टात गेली. डिसेंबर २०१८ मध्ये उच्च न्यायालयाच्या आदेशाने ३,८६१ तात्पुरत्या वाहकांना एका झटक्यात काढावं लागलं. दोन्ही बाजूंना गरीबच होते. आपल्याकडेही असे तरुण आहेत. २०१९ मध्ये एसटीने चालक-तथा-वाहक पदांची मोठी भरती काढली, कोरोनात प्रशिक्षण थांबलं आणि निवड झालेली मुलं लटकत राहिली. उद्या कंत्राटी चालक कायम करा म्हणून बसले तर परीक्षेची तयारी करणारा आपल्याच गल्लीतला दुसरा मुलगा म्हणेल, माझी जागा का खाता? जागा रिक्त असताना नियमित जाहिरात काढणं आणि घेतलेल्या माणसाला सुरुवातीपासून नीट घेणं, यानेच ही भांडणं टळतात. मग पंधरा वर्षांनी कुणाला कोर्टाकडे दयेची भीक मागावी लागत नाही.

ज्यांच्या घरातला मुलगा अर्ज करणारच आहे त्यांच्यासाठी काही कामाच्या गोष्टी. नेमणूक पत्र लेखी घ्या, त्यावर कुणाचा शिक्का आहे ते बघा, आणि ते मराठीत नसेल तर कुणाकडून तरी वाचून घ्या. न वाचता सही करायची नाही, मग समोरचा कितीही भला माणूस असो. पीएफचा बारा आकडी यूएएन नंबर पहिल्या महिन्यातच मागा आणि मोबाइलवर पासबुक उघडून पैसे खरंच जमा होतात का ते दर तीन महिन्यांनी तपासा. कापले पण भरले नाहीत, असं ठेकेदारीत सर्रास होतं. ठेकेदाराने पगार थकवला तर मूळ संस्थेला तो द्यावा लागतो, ही तरतूद १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्यात होती आणि नव्या संहितेतही आहे. बऱ्याच जणांना हे माहीतच नसतं, ठेकेदार पळाला की पगार गेला असं समजून गप्प बसतात. ड्युटीची कागदपत्रं, लॉगशीटचे फोटो, ओळखपत्र, आगारातून आलेले मेसेज, सगळं जपून ठेवा. सूचना महामंडळाचा अधिकारी देतो, रजा तोच मंजूर करतो, दंड तोच लावतो, हे दाखवता आलं तर कंत्राट हा देखावा आहे हे सिद्ध करायला तेच कागद उपयोगी पडतात. आणि युनियनमध्ये सामील व्हा. आपले बरेच लोक कशाला लफड्यात पडायचं म्हणून लांब राहतात. कास्ट्राईब संघटनेचे लोक असं म्हणाले असते तर?

आम्ही वर्गात रोज पाहतो ती एक गोष्टही इथे सांगायला हवी. आठवी-नववीत मुलगा शाळा सोडतो, मामूच्या ट्रकवर जातो, विशीत पक्का ड्रायव्हर होतो. हात एकदम साफ, घाटात रिव्हर्स घेऊन दाखवेल. पण एसटीच्या चालक-तथा-वाहक पदाला दहावी पास लागतं. तो कागद नसल्यामुळे नियमित भरतीचं दार त्याला कायमचं बंद आणि ठेकेदारच उरतो. अशा मुलांनी १७ नंबरचा फॉर्म भरून खासगी विद्यार्थी म्हणून दहावी करावी. उर्दू माध्यमातूनही करता येते. मशिदीच्या कमिट्या रमजानमध्ये रेशन किट वाटतात, त्यातला थोडा पैसा अशा वीस-पंचवीस ड्रायव्हर पोरांच्या फॉर्मसाठी आणि रात्रीच्या वर्गासाठी लावला तर त्याचं फळ दोन-तीन वर्षांत दिसेल. जुम्याच्या खुतब्यात मजुराच्या घामाची हदीस आपण कितीदा ऐकतो. घाम गाळणाऱ्याच्या कागदपत्रांची काळजी घेणं हाही त्याचाच भाग समजायला हरकत नसावी.

निविदेच्या अटी आणि महामंडळाचा ठेकेदाराशी झालेला करार ही सार्वजनिक कागदपत्रं आहेत. प्रशिक्षण किती दिवसांचं, पगारातून काय काय कापणार, अपघात विमा कुणाच्या नावावर, तीन वर्षांनंतर चालकाचं काय, हे सगळं त्यात लिहिलेलं असतं किंवा मुद्दाम लिहिलेलं नसतं. करार झाला की आपल्या जिल्ह्यातल्या एसटीच्या विभागीय कार्यालयात माहिती अधिकाराचा अर्ज टाकून त्याची प्रत मागता येते. साध्या कागदावर मराठीत लिहायचा, दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावायचं, दारिद्र्यरेषेखालचं कार्ड असेल तर तेही नको. उत्तर तीस दिवसांत द्यावं लागतं.